आधी पत्रिका द्यायला जा, तिथेच सांगा

तुमचा प्रश्न असा आहे: डिसेंबरात नागपुरात लग्न आहे, ओळख डेटिंग ॲपवर झाली, आणि आई म्हणते की पाहुण्यांनी विचारलं तर "मित्राकडून ओळख झाली" एवढंच म्हणा. मग काय सांगावं?

खरं सांगा. एका वाक्यात सांगा, दोन्ही घरांनी तेच वाक्य सांगावं, आणि ज्यांच्या बोलण्याची आईला धास्ती आहे त्यांना लग्नाआधीच, पत्रिका द्यायला जाल तेव्हा सांगून मोकळे व्हा. हे मी इतक्या ठामपणे लिहिते आहे कारण आम्ही उलटं करून पाहिलं, आणि त्याचा त्रास माझ्या बाबांना झाला.

मी मानेवाड्याची, नवरा मानकापूरचा. शहराची दोन टोकं. नातं नाही, कॉलेज एक नाही, ऑफिस एक नाही. 2021च्या पावसाळ्यात बंबल या डेटिंग ॲपवर ओळख झाली, संक्रांतीनंतर दोघांनी आपापल्या घरी सांगितलं. दोन्हीकडचे लोक एकमेकांकडे जाऊन आले आणि मे महिन्यात साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, ठरलं. इथवर कोणाचाच विरोध नव्हता. अडलं ते लोकांना काय सांगायचं यावर. माझ्या आईनं ठरवलं, "त्याच्या मित्राची बहीण हिच्या ऑफिसात आहे, तिनं स्थळ सुचवलं." तिकडे सासूबाईंनी सांगून टाकलं की मुलगी परिचय मेळाव्यात पाहिली. दोघींनी एकमेकींना विचारलंच नव्हतं.

मे महिन्यातलं नागपूर तुम्हाला माहीतच आहे. जेवणं झाली की सगळा हॉल कूलरपुढे येऊन बसतो. माझी मोठी आई, म्हणजे मोठी काकू, आणि त्याची आत्या एकाच कूलरसमोर, मठ्ठ्याचे ग्लास हातात घेऊन शेजारी शेजारी बसल्या होत्या. मोठी आई कौतुकानं म्हणाली, "ऑफिसातल्या पोरीनं चांगलं स्थळ आणून दिलं." आत्या म्हणाल्या, "ऑफिसातल्या? आम्हाला तर मेळाव्यात पाहिली म्हणून सांगितलं नं." मी दोन खुर्च्या सोडून बसले होते. दोघी एकदम गप्प झाल्या. नुसता कूलरचा आवाज.

रात्री दहाला मोठ्या बाबांचा, म्हणजे बाबांच्या मोठ्या भावाचा, फोन. "खरं काय ते सांग. काय लपवून राहिले तुम्ही?" तेवढ्या वेळात त्यांच्या मनात नाही नाही ते येऊन गेलं होतं. मुलाचं आधीचं लग्न मोडलं असेल, नोकरीचं खोटं सांगितलं असेल, काही आजार असेल. आम्ही जे लपवत होतो त्यापेक्षा कितीतरी वाईट. बाबा गच्चीवर जाऊन अर्धा तास बोलत होते. मोठ्या भावापुढे कधी आवाजही न चढवलेला माणूस, आमच्यासाठी खोटं बोलला आणि त्याच रात्री पकडला गेला. खाली आल्यावर ते कोणाला काही बोलले नाहीत, सरळ झोपायला गेले. ती रात्र मला तुमच्या घरात यायला नको आहे.

त्यानंतर मी खूप विचार केला की वडीलधारे "कुठे भेटले?" असं विचारतात तेव्हा त्यांना नेमकं काय हवं असतं. माझं मत असं झालं की त्यांना ॲपशी काही घेणं नसतं. आपल्याकडे स्थळ येतं ते मध्यस्थामार्फत. मामा असो, शेजारच्या काकू असोत, वधू-वर सूचक मंडळ असो, कोणीतरी मध्ये असतं. उद्या काही खुट्ट झालं तर त्याला जाऊन विचारता येतं, "तू सांगितलं होतंस म्हणून पोरगी दिली." ॲपमध्ये हा माणूसच नाही. पाहुण्यांची काळजी तिथली आहे: या मुलाची हमी कोणाची? म्हणून तुमच्या उत्तरात ती हमी यायला हवी. आम्ही दोन्ही घरांनी एकत्र बसून वाक्य पक्कं केलं: "त्यांची ऑनलाइन ओळख झाली, सहा महिने बोलले-भेटले, मग घरी सांगितलं, आम्ही त्यांच्याकडे जाऊन आलो, ते आमच्याकडे आले, सगळं पाहून-विचारून ठरवलं." यात खोटं काही नाही. पहिलं अर्धं वाक्य आमचं आणि उरलेलं आईबाबांचं. ऐकणाऱ्याचं समाधान त्या दुसऱ्या भागानं होतं.

"डेटिंग" हा शब्द आम्ही आपणहून वापरला नाही, कारण सत्तरीतल्या माणसाच्या मनात त्याचा अर्थ वेगळाच उमटतो. पण कोणी विचारलं "कोणतं ॲप?" तर नाव सांगितलं. "शादी डॉट कॉमवर भेटलो" असंही म्हणू नका. पुष्कळ जण तो सल्ला देतात, कारण ते नाव गेली कित्येक वर्षं घरोघरी ओळखीचं आहे. पण तेही खोटंच, आणि ज्या मावशींच्या मुलीचं प्रोफाइल तिथे आहे त्या पुढचे चार प्रश्न विचारतीलच.

माझ्या भावानं बाबांना आकडे दाखवून पाहिले. स्टॅनफर्डच्या मायकल रोझेनफेल्ड यांचा 2019 साली छापून आलेला अभ्यास आहे, त्यात अमेरिकेत 2017 साली जमलेल्या स्त्री-पुरुष जोडप्यांपैकी सुमारे 39 टक्के ऑनलाइन भेटली होती. बाबांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "अमेरिकेचं अमेरिकेत. मला महालात दादाला तोंड दाखवायचं आहे." दादा म्हणजे माझे मोठे बाबा, ते नागपूरच्या महाल भागात राहतात. बरोबर होतं बाबांचं.

म्हणून पत्रिका छापून आल्यावर आम्ही दोघंच आधी महालात गेलो. कुंकू लावून पत्रिका हातात दिली, चहा झाला, आणि मी सांगितलं, "मोठे बाबा, साक्षगंधाच्या वेळी जे सांगितलं ते खरं नव्हतं. आमची ओळख फोनवर झाली." त्यांनी माझ्याकडे पाहिलंच नाही, त्याच्याकडे पाहून तीन प्रश्न विचारले. घर स्वतःचं की भाड्याचं? काही व्यसन? आईवडिलांना केव्हा सांगितलं? ॲपबद्दल एक शब्द नाही. पुढच्या रविवारी ते स्वतः मानकापूरला जाऊन आले.

आजीला मात्र सगळं ऐकायचं होतं, अगदी ॲप कसं चालतं तेसुद्धा. मी सांगितलं की तेव्हा बंबलवर दोघांनी होकार दिल्याशिवाय बोलताच येत नसे, आणि आधी मुलीनं लिहावं लागे, त्याशिवाय मुलाला लिहिता येत नसे. तुमच्या ॲपवर असं काही असेल तर पाहुण्यांनाही जरूर सांगा. मुलं अनोळखी मुलींना मेसेज करून छळतात अशीच अनेकांची समजूत असते, ती यानं दूर होते. मग आजीनं विचारलं, "पहिल्यानं पाह्यलं कवा?"

कस्तुरचंद पार्कजवळ, सकाळी आठ वाजता, तर्री पोह्यांच्या ठेल्यावर. वेळ आणि जागा मीच ठरवली होती, कारण तिथे सकाळी गर्दी असते आणि मला एकांतात भेटायचं नव्हतं. कोरोनाचे दिवस, दोघांच्या तोंडाला मास्क. फोटो पाहिले होते, पण पूर्ण चेहरा समोर पाहिला तो पोहे खायला मास्क खाली केला तेव्हा. तर्रीच्या वाफेनं त्याचा चष्मा पांढरा झाला. तो एका हातानं शर्टाच्या टोकाला चष्मा पुसत राहिला आणि दुसऱ्या हातानं माझीच प्लेट उचलून खायला लागला. मी काही बोलले नाही, त्याची प्लेट घेतली. चष्मा घातल्यावर त्याला कळलं आणि त्याचे कान लाल झाले. तिथेच मला तो आवडला.

आजी म्हणाली, "आमच्या टायमाले तं बोलनंच नव्हतं. अंतरपाट सरकला तवा पाह्यलं म्या त्यायले. तुमचा तो मास्क म्हंजे अंतरपाटच झाला न वं."

लग्नात हाच पोह्यांचा किस्सा चालला. पंगतीत, हळदीच्या रात्री, जिथे कोणाला निवांत ऐकायचं होतं तिथे. कोणी पुन्हा ॲपवर आलंच नाही, सगळे प्लेटीचंच विचारत होते. तुमचाही असा एखादा प्रसंग असेल, तो शोधून ठेवा. स्टेजवर फोटोच्या रांगेत कोणी विचारलं तर एक वाक्य पुरे, मागे लोक ताटकळत असतात. "म्हणजे लव्ह मॅरेज?" असं विचारलं तर "हो" म्हणा. चुलत-मावस भावंडांना मात्र आधीच ताकीद द्या: स्क्रीनवर चॅटचे स्क्रीनशॉट लावायचे नाहीत, निवेदकाला परस्पर काही सांगायचं नाही. ते बोलणं तुमच्या दोघांचं आहे.

आणि उखाण्याचा आग्रह होणारच. मी घेतला तो असा:

फोनवर झाली ओळख, पोह्यांवर जमली मैत्री,
…रावांचं नाव घेते, दोन्ही घरांना आहे खात्री.

तेव्हा मोठे बाबा पहिल्या रांगेत होते. शेजारच्या पाहुण्यांनी त्यांना काहीतरी विचारलं असावं, कारण त्यांचं उत्तर स्टेजपर्यंत ऐकू आलं, "मी स्वतः जाऊन आलो न त्यांच्या घरी."

तुमच्या आईला आज विचारा की "लोक" म्हणते तेव्हा तिच्या डोळ्यांसमोर नेमकं कोण असतं. एखादंच नाव निघेल. पहिली पत्रिका टेकडीच्या गणपतीला ठेवा, आणि दुसरी घेऊन दोघं मिळून त्यांच्याकडे जा.