दुसऱ्याचा कोड टाकताय? आधी हे वाचा

काय भो, व्हॅलोरंट या शूटिंग गेममधे प्रो प्लेयरचा क्रॉसहेअर (स्क्रीनवरचं नेम धरायचं चिन्ह) कोड टाकला आन तरी एम, म्हणजे नेम, बसत नाही म्हणतो, अरे त्या कोडात फक्त क्रॉसहेअरचा रंग, जाडी, गॅप असलं येतं, सेन्सिटिव्हिटी, म्हणजे माउस हलवला की गेममधे नेम किती सरकतो ते, येतच नाही. ती हातानेच सेट करावी लागते. आन नुसता आकडा कॉपी करून उपयोग नाही, डीपीआय (माउसची स्वतःची स्पीड) पण बघ, ८०० डीपीआयवर ०.४ सेन्सिटिव्हिटी आन ४०० वर ०.८ सारखंच, दोन्हीचा गुणाकार ३२०. भरिताची रेसिपी घेतली पण वांगं बामणोदचं नसलं तर चव कशी येईल! जळगावात कॅफेत खेळतो ना, तिथला माउस कुठल्या डीपीआयवर आहे ते आधी विचार. कोड इम्पोर्ट केला की वेगळं प्रोफाइल बनतं, जुनं डिलीट करू नको. मग रेंजमधे (गेममधली सरावाची जागा) जाऊन बघ, डायरेक्ट रँक्ड मॅच नको लावू.