काळपेट्यांचे सुटे भाग: आधी जोड ठरवा, मग पार्ट

प्रश्न थोडक्यात असा दिसतोय की तुमच्या कल्पित जगात वेळ हळू-जलद करणाऱ्या पेट्या कारखान्यात बनतात, कुठल्याही कंपनीचा मॉड्यूल कुठल्याही पेटीत खटकन बसतो, आणि हे वाचकाला पटेल का. पटेल की, न पटायला काय झालं. पण तुम्ही कॉइल, स्फटिक, कवच अशी जी यादी केलीय ना, तिच्यात सगळी मापं मिलिमीटरमधली आहेत, वेळेचं एकही माप नाही. घोळ तिथेच आहे.

हिशोब करून बघा. समजा पेटीच्या आत वेळ बाहेरच्या 10 पट वेगाने जाते. बाहेरून 1 किलोवॅट वीज आत सोडली. बाहेरच्या एका सेकंदात 1000 ज्यूल गेले, पण तेवढ्यात आत 10 सेकंद उलटले, म्हणजे आतल्या माणसाच्या हाती पडली 100 वॅट. (हा साधा हिशोब झाला, आइन्स्टाइनच्या नियमाने जायचं तर आत जाताना ऊर्जाही घटते, म्हणून आणखी 10 ने भागा, 10 वॅट. कुठला नियम ते एकदाच ठरवा आणि मग बदलू नका, वाचक पकडतात.) 50 हर्ट्झचा सप्लाय आत 5 हर्ट्झ होतो, त्यावर नेहमीची मोटर धड चालणार नाही. बाहेरचा हिरवा उजेड आत पोचेस्तोवर पार इन्फ्रारेडमध्ये गेलेला, म्हणजे काचेची खिडकी ठेवलीत तरी आत अंधारच. आणि उलट दिशेने, आत कोणी 1 किलोवॅटची शेगडी लावली तर बाहेर 10 किलोवॅटची धग येणार. हे सगळं कुठे घडतं, तर जोडावर, म्हणजे बाहेरचं आणि आतलं जिथे एकमेकांना भेटतं तिथे. म्हणून स्टँडर्ड करायचा तो जोड, आतला पार्ट कंपनीने हवा तसा बनवावा.

आपल्या जगात याचं एक नमुनेदार उदाहरण आहे, जीपीएस. उपग्रहावरचं घड्याळ जमिनीवरच्यापेक्षा रोज साधारण 38 मायक्रोसेकंद पुढे पळतं, मग काय करतात, तर घड्याळाची मूळ फ्रीक्वेन्सी 10.23 मेगाहर्ट्झ ऐवजी 10.22999999543 अशी किंचित कमी धरूनच ते वर पाठवतात, की वर गेल्यावर खालच्यांना ते बरोबर दिसतं. म्हणजे जमिनीवर टेस्ट केलं तर ते चुकीचंच दिसणार! तुमच्या जगातल्या फॅक्टरी इन्स्पेक्टरला हा त्रास द्या, फार मजा येईल. चांगला पार्ट टेबलावर फेल होतो आणि टेबलावर पास झालेला पेटीत मार खातो.

आता कंपन्या एकमेकांशी जुळवून घेतील का, तर आपणहून सहसा नाही. ब्रिटनमध्ये व्हिटवर्थ नावाच्या इंजिनिअरने 1841 मध्ये बोल्टच्या आट्यांचं माप सुचवलं, 55 अंशांचा कोन, अमेरिकेत सेलर्स नावाच्या इंजिनिअरने 1864 मध्ये 60 अंशांचा. अर्धा इंची बोल्ट घेतला तर एकाला इंचात 12 आटे आणि दुसऱ्याला 13, एकाचा नट दुसऱ्याच्या बोल्टवर दोन-तीन फेरे बसतो आणि मग अडकतो. दुसऱ्या महायुद्धात दोस्त असून एकमेकांचे नट चालेनात, तेव्हा कुठे 1948 मध्ये ब्रिटन, अमेरिका आणि कॅनडाने एक माप मान्य केलं. अमेरिकेतल्या बाल्टिमोरला 1904 मध्ये आग लागली, शेजारच्या शहरांतून बंब धावून आले आणि बऱ्याच जणांच्या पाइपांचे जोड तिथल्या हायड्रंटना, म्हणजे रस्त्यावरच्या पाण्याच्या नळांना, बसलेच नाहीत. तेव्हा तुमच्या स्टँडर्डमागे युद्ध नाहीतर मोठी दुर्घटना असू द्या, समितीतल्या शहाण्या माणसांनी सहज ठरवलं असं लिहू नका, कोणी विश्वास ठेवणार नाही.

मास्टर गेज, म्हणजे ज्याच्याशी बाकी सगळी मापं ताडून बघायची ते मूळ माप, कुठे ठेवणार हेही ठरवा. ते वेगवान पेटीत ठेवलं तर लवकर म्हातारं होईल, म्हणून कोणीतरी ते मंद पेटीत ठेवायचा आग्रह धरणार, आणि मग तपासणीसाठी आत गेलेला माणूस बाहेर येतो तोवर बाहेर महिने उलटलेले. मला तर हे गेज सांभाळणाऱ्या खात्याचं राजकारणच जास्त वाचायला आवडेल. भूतकाळात पार्ट पाठवता येत असतील तर वेगळीच भानगड, पुढच्या पिढीचा जोड मागच्यांच्या हातात पडला की स्टँडर्ड नक्की कोणी ठरवलं हेच कळेनासं होतं, शक्यतो ती वाट बंद ठेवा.

जोडाचे किती प्रकार ठेवू असं विचारलंत, तर माझ्या मते वेळेच्या वेगाचे गुणक तीनच, 2, 10 आणि 100 पट. प्रत्येक जोडाची खाच वेगळ्या आकाराची, म्हणजे चुकीचा पार्ट बसूच नये. आणि मग बाजारात खाच तासून बसवून देणारे मिस्त्री येतील, स्वस्तात, गॅरंटी नाही. तुमच्या नायिकेचं दुकान त्यातलंच एक का नसावं?