पॉलिसीचं नंतर पाहू, आधी दुधाचा सुळा काढा

देवगड तालुक्यातल्या एका आंबा बागायतदारांचं पत्र आहे. मुलगी साडेबारा वर्षांची. वरचा डावा सुळा वर्षापूर्वीच आला, उजवीकडे मात्र दुधाचा सुळा अजून घट्ट आहे. पक्का सुळा टाळूच्या बाजूला तिरका अडकलाय, असं ऑर्थोडॉन्टिस्टने (वेडेवाकडे दात सरळ करणाऱ्या तज्ज्ञाने) एक्स-रे पाहून सांगितलं. दुधाचा सुळा काढायचे ८०० रुपये, सीबीसीटी स्कॅनचे (जबड्याच्या त्रिमितीय एक्स-रेचे) ३,५००, आणि पुढे शस्त्रक्रिया व तारा लागल्या तर १ लाख १० हजार. मुदत ठेव ६० हजारांची आहे, ती मोडायची नाही. मग पाच हप्ते भरलेली चाइल्ड पॉलिसी मोडावी, की दवाखान्याचा ईएमआय घ्यावा?

पत्राच्या शेवटी एक ओळ आहे: ‘यंदा मोहर चांगला आहे, म्हणून दात काढणं आणि स्कॅन मेअखेर करू, तोवर आरोग्य विमाही घेतो, दातांचा खर्च त्यातून निघेल असं एजंट म्हणतात.’

पॉलिसी आणि ईएमआय राहू द्या बाजूला. खरी चूक या ओळीत आहे.

पक्का सुळा साधारण अकराव्या-बाराव्या वर्षी येतो. तो टाळूकडे भरकटला असेल आणि रांगेत जागा असेल, तर दुधाचा सुळा वेळेत काढल्यावर पुष्कळदा आपोआप वाटेवर येतो. स्वीडनच्या एरिक्सन आणि क्युरोल यांनी १९८८ मध्ये १० ते १३ वयाच्या मुलांचा असा अभ्यास प्रसिद्ध केला. दुधाचा सुळा काढल्यावर ७८ टक्के सुळे सरळ झाले. सुळ्याचं टोक शेजारच्या पटाशीच्या दाताच्या मध्यरेषेअलीकडे असेल तर ९१ टक्के, मध्यरेषा ओलांडली असेल तर ६४. म्हणजे सुळा जितका पुढे सरकेल तितकी शक्यता घटते. तुमची मुलगी या वयोगटाच्या शेवटाला आली आहे, आणि तुम्ही पाच महिने मोहरावर सोडताय. मोहर म्हणजे पैसे नव्हेत. तुडतुडे, अवकाळी पाऊस आणि वाशीचा भाव यांतून जे उरेल ते पैसे.

स्कॅनही टाळू नका. अडकलेला सुळा शेजारच्या दाताचं मूळ झिजवू शकतो आणि ते दुखत नाही. ओपीजीत, म्हणजे पूर्ण जबड्याच्या सपाट एक्स-रेत, दातांच्या सावल्या एकमेकींवर पडतात, झीज लपून राहते. तो पटाशीचा दात गेलाच, तर वाढ पूर्ण होईपर्यंत इम्प्लांट (हाडात बसवायचा कृत्रिम दात) बसवत नाहीत. म्हणजे ऐन शाळा-कॉलेजच्या वर्षांत समोर काढता-घालता खोटा दात, आणि नंतर तीस-चाळीस हजारांचा खर्च वेगळा.

म्हणून ४,३०० रुपये याच आठवड्यात खर्च करा. सहा महिन्यांनी पुन्हा एक्स-रे. वर्षभरात सुळा हलला नाही, किंवा स्कॅनमध्ये झीज दिसली तर लगेच, हिरडी उघडून सुळ्यावर बारीक साखळी चिकटवतात आणि तारांनी हळूहळू ओढून खाली आणतात. दीड ते अडीच वर्षं लागतात. साखळी निसटली तर कधी पुन्हा हिरडी उघडावी लागते. क्वचित सुळा हाडाला चिकटून हलतच नाही. १ लाख १० हजारांत सर्जनची फी, साखळी पुन्हा लावणं आणि शेवटचे रिटेनर (तारा काढल्यावर दात जागेवर धरणारी पट्टी) धरलेत का, हे लेखी घ्या. रिटेनर बहुधा धरलेले नसतात. महिन्याची एक फेरी, ६०० रुपये धरले तर दोन वर्षांत जवळपास साडेचौदा हजार होतात, तेही मोजा. बांबोळीच्या गोवा दंत महाविद्यालयातही चौकशी करा. परराज्यातल्यांना शुल्क किती आणि थांबावं किती लागेल, हे आधी विचारून मगच जा.

१ लाख १० हजारांची रक्कम एकदम लागत नाही. समजा सुरुवातीला ५० हजार, उरलेले ६० हजार चोवीस महिन्यांत, म्हणजे महिना अडीच हजार. सुरुवातीसाठी ठेव मोडा. एक टक्का दंड गेला तर पाच-सहाशे रुपये. सात टक्क्यांची ठेव जपायला पंधरा टक्क्यांचं कर्ज कशाला? ‘शून्य व्याज’ म्हणत असतील तर रोखीने किती सूट देता ते विचारा; व्याज तिथेच दिसेल.

एजंटचं बोलणं ऐकून मला राग येतो. बहुतेक आरोग्य विम्यांत अपघात सोडून दातांचे उपचार वगळलेले असतात, तारा तर नक्कीच. बाह्यरुग्ण लाभाची जोड असली तरी मर्यादा काही हजारांची. आरोग्य विमा जरूर घ्या, पण रुग्णालयाच्या खर्चासाठी.

हाच एजंट तुम्हाला वर्षाला ३० हजारांची चाइल्ड पॉलिसी देऊन गेलाय. तुमच्या जिवावरचं संरक्षण ५ लाख, घरखर्च महिना २५ हजार: वीस महिने पुरेल. दातासाठी ती मोडू नका, दीड लाख भरून हातात जेमतेम पाऊण लाख किंवा थोडे जास्त येतील. आधी ७५ लाखांचा टर्म विमा (बचत नसलेला, फक्त जिवाचं संरक्षण देणारा) घ्या. तो हातात आल्यावर सरेंडर (पॉलिसी मोडून मिळणारे पैसे) आणि पेड-अप (हप्ते थांबवून कमी रकमेवर चालू राहणारी पॉलिसी), दोन्ही आकडे कंपनीकडून लेखी मागवा. बहुधा हप्ते थांबवून पेड-अप ठेवणंच बरं पडेल.

धाकटा मुलगा नऊ वर्षांचा आहे असं लिहिलंय. ही तक्रार पुष्कळदा घराण्यात चालते. तो दहाचा झाला की दुधाच्या सुळ्यावरची हिरडी दंतवैद्याकडून बोटाने चाचपून घ्या. दोन्हीकडे सारखा उंचवटा लागला नाही तर तेव्हाच एक्स-रे काढा.