वाचकांचे प्रश्न : दवाखान्यात हात कधी, कसे, कशाने?

रुग्णालयात होणाऱ्या संसर्गाबद्दल आम्ही प्रश्न मागवले होते. निम्म्याहून अधिक पत्रांत एकच विचारणा होती: दिवसातून हात किती वेळा धुवायचे? याला आकड्यात उत्तर देता येत नाही. दिवसभरात चाळीस वेळा हात धुऊनही नेमकी एक वेळ चुकली, तर जंतूंना तेवढी पुरते. म्हणून खालच्या उत्तरांत ‘कोणत्या दोन स्पर्शांच्या मध्ये’ यावर जास्त भर आहे.

तीस खाटा, दोन सिस्टर, एकच बेसिन. प्रत्येक पेशंटनंतर हात धुवायला गेलं तर काम उरकत नाही. पाच क्षण पाठ आहेत, पण जमवायचे कसे?
— स्टाफ नर्स, ग्रामीण रुग्णालय, सातारा जिल्हा

सिस्टर, दर वेळी बेसिनपर्यंत जाण्याची गरजच नाही. हातावर डोळ्यांना दिसणारी घाण, रक्त किंवा स्राव नसेल, तर अल्कोहोलचा हँडरब (हातावर चोळायचे सॅनिटायझर) हीच पहिली पसंती. त्याला २० ते ३० सेकंद लागतात. साबण-पाण्याला ४० ते ६० सेकंद, वर बेसिनपर्यंतची ये-जा. हँडरबची बाटली मात्र खाटेच्या पायथ्याशी किंवा ट्रॉलीवर हवी. नर्सिंग स्टेशनच्या टेबलावर ठेवलेली बाटली आठवडाभर भरलेलीच राहते.

हात स्वच्छ करण्याचे पाच क्षण असे: रुग्णाला हात लावण्याआधी; इंजेक्शन, ड्रेसिंग, कॅथेटर अशा निर्जंतुक कामाआधी; रक्त, लघवी, थुंकी यांच्याशी संबंध आल्यावर; रुग्णाला हात लावून झाल्यावर; आणि रुग्णाला न शिवता नुसत्या त्याच्या खाटेला, लॉकरला, सलाईन स्टँडला हात लागला तरी त्यानंतर.

यातला दुसरा क्षण सर्वात जास्त हुकतो आणि सर्वात महागात पडतो. चार नंबरच्या खाटेवर अँटिबायोटिक द्यायचे आहे असे समजा. तुम्ही ट्रॉलीपाशी हात चोळलेत, औषध भरलेत, खाटेशी आलात. पडदा सरकवला, आजींची उशी नीट केली, हातावरची चादर बाजूला केली आणि त्याच हाताने इंट्राकॅथचे (शिरेत बसवलेल्या नळीचे) झाकण उघडले. ट्रॉलीपाशी स्वच्छ केलेले हात एव्हाना स्वच्छ राहिलेले नाहीत. उशीवरचे आणि चादरीवरचे जंतू थेट शिरेच्या दारात पोचले. कातडीवर असताना ते बहुधा निरुपद्रवी असतात. तेच रक्तात गेले की थंडी वाजून ताप येतो. म्हणून आधी उशी, चादर, पडदा, सगळे आवरा. मग हात चोळा. मग पोर्ट (नळीचे औषध द्यायचे तोंड) ७० टक्के अल्कोहोलच्या स्वॅबने १५ सेकंद घासा, वाळू द्या आणि औषध द्या. मध्ये दुसऱ्या कशालाही हात लावायचा नाही. क्रम एवढा बदलला की एक हँडरब योग्य जागी बसतो.

आता वेळेचा हिशेब. तीस रुग्णांचे फक्त बीपी घ्यायचे आहे. एका रुग्णाकडून थेट दुसऱ्याकडे जाताना मध्ये कशालाही हात लावला नाही, तर पहिल्याचा ‘नंतर’ आणि दुसऱ्याचा ‘आधी’ एकाच चोळण्यात भागतो. म्हणजे एकूण ३१ वेळा, प्रत्येकी अर्धा मिनिट: साधारण सोळा मिनिटे आणि सुमारे ९० मिली हँडरब. चोळत चोळत पुढच्या खाटेकडे चालता येते, त्यामुळे प्रत्यक्षात वेळ याहून कमी जातो. पण मध्येच केसपेपर लिहिला, मोबाइल उचलला किंवा खिशातले पेन काढले, तर ही सवलत संपते. केसपेपर खाटेवर टाकू नका. तो रुग्णाच्या परिसराबाहेर राहू द्या आणि हात स्वच्छ केल्यावरच लिहा.

लघवीची पिशवी रिकामी केली की हातमोजे तिथेच काढा, हात स्वच्छ करा, मगच पुढच्या पिशवीकडे जा. एकच मोजे घालून ओळीने सहा पिशव्या रिकाम्या केल्या, तर एका रुग्णाचे जंतू बाकीच्या पाच जणांपर्यंत पोचतात. मोजमापाचे भांडेही प्रत्येक रुग्णाचे वेगळे हवे.

हँडरब नेमका किती घ्यायचा? मी एक थेंब घेऊन तळवे चोळते.
— नर्सिंगची विद्यार्थिनी, नाशिक

थेंबाने काही होत नाही. एका तळव्याच्या खळग्यात मावेल एवढा, म्हणजे सुमारे ३ मिली लागतो. तुमच्या बाटलीचा पंप एका दाबाला किती देतो, हे एकदा सिरिंजने मोजून पाहा; बहुतेक वेळा दोन दाब लागतात. खरी कसोटी ही की हात २० ते ३० सेकंद ओले राहिले पाहिजेत. दहा सेकंदांत वाळले तर कमी घेतला.

तळव्यावर तळवा चोळा. मग एका हाताच्या पाठीवर दुसरा तळवा, बोटे बोटांत घालून, दोन्ही बाजूंनी. मग तळव्याला तळवा लावून बोटांच्या बेचक्या. मग बोटे वळवून त्यांची पाठ समोरच्या तळव्यावर. मग अंगठा मुठीत धरून गोल फिरवा. शेवटी पाचही बोटांची टोके एकत्र करून दुसऱ्या तळव्यावर घासा. घाईत सुटतात ती बोटांची टोके, अंगठे आणि बेचक्या. रुग्णाला सर्वांत जास्त लागतात तीही बोटांची टोकेच. म्हणून आमचा सल्ला: परीक्षेत क्रम शिकवल्याप्रमाणे ठेवा, पण टोकांना आणि अंगठ्यांना मनापासून वेळ द्या. हात पुसू नका, फुंकर घालू नका. आपोआप वाळू द्या. ओल्या हातांवर हातमोजे चढवू नका, आणि वाळण्याआधी ज्योत किंवा कॉटरीजवळ (शस्त्रक्रियेत डाग देणाऱ्या विजेच्या उपकरणाजवळ) जाऊ नका.

आमच्या छोट्या रुग्णालयात फार्मासिस्ट आहे. हँडरब तिथेच तयार करता येईल का? काही जण सांगतात, जितके कडक स्पिरिट तितके चांगले.
— डॉक्टर, धाराशिव जिल्हा

करता येतो. जागतिक आरोग्य संघटनेने त्यासाठी दोन सूत्रे दिली आहेत. दहा लिटरसाठी ९६ टक्क्यांचे इथेनॉल ८३३३ मिली, ३ टक्क्यांचे हायड्रोजन पेरॉक्साइड ४१७ मिली, ९८ टक्क्यांचे ग्लिसरॉल १४५ मिली. उरलेले उकळून गार केलेले किंवा डिस्टिल्ड पाणी घालून दहा लिटरची खूण गाठायची. आयसोप्रोपिल अल्कोहोल वापरत असाल, तर ९९.८ टक्क्यांचे ७५१५ मिली. बाकी सगळे तेच. इथेनॉल बाळगायचे तर उत्पादन शुल्क विभागाचे नियम आधी पाहून घ्या.

ग्लिसरॉल घट्ट असल्याने मोजपात्राला चिकटून राहते. तयार मिश्रणाने किंवा पाण्याने ते खळाळून टाकीत ओतले नाही, तर प्रमाण कमी पडते. सगळे घालून झाले की झाकण लावून हलवा, लगेच बाटल्यांत भरा आणि ७२ तास वापराविना ठेवा. पेरॉक्साइड हातांवरच्या जंतूंसाठी घातलेले नसते. अल्कोहोलला दाद न देणारे बीजाणू (काही जंतूंची कवचबंद, चिवट रूपे) द्रावणात किंवा बाटलीत असतील, तर ते या तीन दिवसांत नष्ट होतात. ही ७२ तासांची वाट बऱ्याच ठिकाणी ‘वेळ नाही’ म्हणून गाळली जाते. ती गाळू नये.

कडक स्पिरिटबद्दल: अल्कोहोल जंतूंची प्रथिने बिघडवते आणि त्यासाठी पाणी लागते. जवळजवळ शुद्ध अल्कोहोल हातावरून लगेच उडून जाते आणि कामही कमी करते. स्वस्त मिळते म्हणून औद्योगिक स्पिरिट तर मुळीच आणू नका. त्यात मिथेनॉल असू शकते आणि ते कातडीतूनही शरीरात शिरते.

अर्धी रिकामी बाटली वरून भरू नका, मग ती हँडरबची असो वा साबणाची. द्रवसाबणाच्या बाटलीत असे वर्षभर ‘टॉप-अप’ करत गेले, की तळाशी स्यूडोमोनाससारखे जंतू वाढतात आणि प्रत्येक पंपाबरोबर हातावर येतात. बाटली पूर्ण रिकामी करा, धुवा, उकळा. उकळणे सोसत नसेल, तर १००० पीपीएम (म्हणजे ०.१ टक्का) क्लोरीनच्या पाण्यात निदान १५ मिनिटे बुडवा, उकळून गार केलेल्या पाण्याने खळाळा, वाळवा, मग भरा.

हातमोजे घातल्यावरही हात धुवायचे? मग मोजे कशाला?
— वॉर्डातील मावशी, ठाणे

मोजे घालण्याआधी आणि काढल्यावर, दोन्ही वेळा. मोज्यांना डोळ्यांना न दिसणारी भोके असू शकतात, आतला हात गरम-दमट असल्याने तिथे जंतू जोमाने वाढतात, आणि काढताना बाहेरची बाजू मनगटाला घासतेच. मोजे घातलेल्या हातांनी दाराची कडी, फोन, लिफ्टचे बटण यांना हात लावला, तर मोज्यांचा उपयोग फक्त तुम्हाला झाला, पुढच्या माणसाला नाही. मोज्यांवर हँडरब चोळून तेच पुढे वापरू नका. वापरलेले मोजे लाल पिशवीत टाका.

नवीन लग्न झाले आहे. घरचे हिरवा चुडा काढू देत नाहीत. चालेल का?
— परिचारिका, कोल्हापूर

ड्यूटीवर चालणार नाही. बांगडीखाली ना साबण पोचतो, ना हँडरब. अंगठीखाली तर जंतू दिवसभर टिकून राहतात. मनगटावरचा पूजेचा दोरा ओला राहतो, तोही काढा. मंगळसूत्र गणवेशाच्या आत ठेवता येते. नखे अर्ध्या सेंटिमीटरपेक्षा लहान हवीत, कृत्रिम नखे मुळीच नकोत. घरच्यांना सांगा की हा नियम ऑपरेशन थिएटरमध्ये सगळ्यांनाच असतो आणि खाटेवरचा रुग्ण त्याहून वेगळा नाही.

हातांना भेगा पडल्या, हँडरब झोंबतो. साबणच वापरावा का?
— प्रयोगशाळा तंत्रज्ञ, पणजी

बहुतेक वेळा भेगा साबणाने पडतात आणि झोंबते तेव्हा दोष हँडरबवर जातो. साबणाने धुऊन लगेच हँडरब चोळण्याची सवय असेल तर सोडा. एका वेळी एकच. पाणी गरम नको, साध्या पाण्याने तेवढेच काम होते. हात घासून न पुसता टिपून कोरडे करा. ड्यूटी संपल्यावर आणि झोपताना मलम लावा. लेटेक्सचे मोजे वापरत असाल, तर त्याआधी पेट्रोलियम जेली नको, लेटेक्स त्याने कमकुवत होते. भेगेतून पाणी किंवा पू येत असेल, तर बरे होईपर्यंत नमुने हाताळू नका आणि वरिष्ठांना कळवा.

वडिलांना बरेच दिवस अँटिबायोटिक चालू होती, आता जुलाब होत आहेत. डॉक्टरांनी सॅनिटायझर पुरेसे नाही असे सांगितले. का?
— वाचक, पुणे

अशा जुलाबांमागे क्लॉस्ट्रिडिओइड्स डिफिसिल नावाचा जंतू असू शकतो. त्याचे बीजाणू अल्कोहोलने मरत नाहीत. साबणाच्या फेसाने ते सुटतात आणि वाहत्या पाण्याबरोबर जातात, म्हणजे इथे काम मारण्याचे नाही, धुऊन काढण्याचे आहे. मोजे घालून स्वच्छता करा, मोजे काढा आणि पुरते मिनिटभर हात धुवा. नळ कागदी टॉवेलने किंवा कोपराने बंद करा. संडासाचा नळ, फ्लशचे बटण, कडी हे सगळे क्लोरीनच्या द्रावणाने पुसा.

बाळाला घेऊन नुकतीच घरी आले आहे. पाहुणे आणि आशाताई येतात. कोणाला काय सांगू?
— वाचक, गडचिरोली जिल्हा

तुमच्याच जिल्ह्यात डॉ. राणी आणि डॉ. अभय बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने घरी जाऊन नवजात बाळाची काळजी घेण्याची पद्धत घडवली; त्यांचा अभ्यास १९९९ मध्ये प्रसिद्ध झाला. आता, बाळ रुग्णालयात जन्मले असेल तर आशाताई तिसऱ्या, ७व्या, १४व्या, २१व्या, २८व्या आणि ४२व्या दिवशी येतात. बाळाला हात लावण्याआधी त्या हात धुतील. तुम्ही फक्त साबण आणि ओतायला पाणी तयार ठेवा. मग मात्र हात हवेत वाळू द्यायचे. धुतलेले हात पदराला किंवा ओढणीला पुसले, की दिवसभराचा मळ परत हातावर येतो.

पाहुण्यांना आधी हात धुवायला सांगा, मगच बाळ हातात द्या. सर्दी-खोकला किंवा जुलाब असणाऱ्याने लांबूनच बघावे. तुम्ही स्वतः दूध पाजण्याआधी आणि दुपटे बदलल्यानंतर हात धुवा. नाळेला हळद, तेल, राख काहीही लावू नका. ती कोरडी ठेवा, दुपटे नाळेच्या खाली बांधा. नाळेभोवतीची कातडी लाल झाली, पू दिसला, बाळ दूध ओढेनासे झाले किंवा अंग थंड-गरम लागले, तर आशाताईंच्या पुढच्या भेटीची वाट पाहू नका, त्याच दिवशी दवाखान्यात न्या.