नाचताना छाती धडधडली तर?

‘नाचायला लागलं की छातीत धडधडतं. त्या धडधडीचीच तर भीती आहे. मग डान्स थेरपीनं त्रास वाढणार नाही का?’ पॅनिकचा, म्हणजे अचानक उसळणाऱ्या भीतीच्या झटक्यांचा, त्रास असलेली माणसं हे विचारतात, आणि त्यांच्यापेक्षा जास्त त्यांच्या घरचे विचारतात. शंका रास्त आहे. धडधड वाढते, हे खरंच आहे. ती वाढू द्यायची आणि आपोआप उतरू द्यायची, हाच तर उपचाराचा गाभा. पण एवढ्यानं कोणाचं समाधान होत नाही, म्हणून नागपूरच्या इतवारीतल्या एका दुकानदाराची हकीकत जरा तपशिलात सांगतो. ओळख पटेल अशा गोष्टी बदलल्या आहेत.

वय ३८. किराण्याचं ठोक दुकान, वरच्या मजल्यावर गोदाम. दोन वर्षांपूर्वी मे महिन्यात मेव्हण्याच्या वरातीत ते धुमालसमोर, म्हणजे ढोल-ताशांच्या वाजंत्र्यांसमोर, नाचत होते. संध्याकाळ झाली होती तरी रस्ता तापलेला, दुपारपासून पोटात काही नाही, पाणीही नावालाच. वीस मिनिटं जोरात नाचून ते एकदम थांबले आणि छातीत हातोडे पडायला लागले. बोटांना मुंग्या आल्या, तोंड कोरडं पडलं, डोळ्यांसमोर अंधारी आली. ‘वाटलं का आता जातोच मी,’ हे त्यांचे शब्द. त्याच रात्री दवाखान्यात ईसीजी झाला, पुढच्या आठवड्यात इको, ट्रेडमिल टेस्ट, थायरॉईड, हिमोग्लोबिन. सगळं व्यवस्थित निघालं. मानसोपचारतज्ज्ञांनी पॅनिक डिसऑर्डरचं निदान करून गोळी सुरू केली. झटके कमी झाले, पण जगणं आक्रसलं ते आक्रसलंच.

ते आमच्याकडे डान्स थेरपीसाठी आले तेव्हा चहा बंद होता, तर्रीपोहे बंद होते. गोदामाच्या बावीस पायऱ्या नोकर चढायचा. सात वर्षांच्या मुलीला उचलून घेणं बंद होतं. खिशात कोविडच्या काळातला ऑक्सिमीटर असायचा आणि तो दिवसातून चाळीसेक वेळा बोटाला लागायचा. तान्ह्या पोळ्याच्या दिवशी मारबत-बडग्यांची, म्हणजे मोठाल्या पुतळ्यांची, मिरवणूक निघते, त्यात लहानपणापासून नाचणारा हा माणूस दोन वर्षं गच्चीवरून खाली पाहत होता.

पॅनिकचं चक्र आधी समजून घ्यायला हवं. धडधड होते, मेंदू तिचा अर्थ ‘संकट’ असा लावतो, ॲड्रेनालिन सुटतं, धडधड आणखी वाढते. भीतीनं श्वास भराभर चालतो, रक्तातला कार्बन डायऑक्साईड कमी होतो आणि त्यानंच मुंग्या येतात, चक्कर येते. मग खात्रीच पटते की काहीतरी भयंकर होतंय. झटका बहुधा दहा मिनिटांच्या आत शिगेला पोहोचतो आणि तिथून आपला आपणच उतरतो. पण आमचे दुकानदार तिथवर कधी थांबलेच नव्हते. जरा धडधडलं की खाली बसायचं, पाणी प्यायचं, बायकोला, म्हणजे आमच्या वहिनींना, फोन लावायचा. धडधड उतरायची ती स्वभावानं, श्रेय जायचं पाण्याला आणि फोनला. काही न करताही ती उतरते, हे शरीराला कधी कळलंच नाही.

मग ट्रेडमिलवर चालवलं असतं तर? नाडी तिथंही वाढते. त्यांची ट्रेडमिल टेस्ट झालीही होती आणि त्यातून त्यांनी काढलेला अर्थ होता, ‘वायरी लावल्या होत्या, डॉक्टर होते, म्हणून वाचलो.’ नाचात वेग आपल्या हाती असतो, ताल असतो आणि समोर त्याच तालात हलणारं दुसरं माणूस असतं. ही तिसरी गोष्ट आम्हाला सगळ्यात महत्त्वाची वाटते. मॅरियन चेस या नर्तकीनं १९४२ मध्ये वॉशिंग्टनच्या सेंट एलिझाबेथ्स या मनोरुग्णालयात काम सुरू केलं, ते याच धाग्यावर. बोलणं बंद झालेल्या रुग्णाच्या अंगातली लय ती आधी स्वतःच्या अंगात घ्यायची आणि त्या लयीतूनच त्याला उत्तर द्यायची. पुढे १९६६ मध्ये अमेरिकन डान्स थेरपी असोसिएशन स्थापन झाली, तेव्हा तिची पहिली अध्यक्ष चेसच होती.

पहिल्या दिवशी संगीत नव्हतंच. खोली साधी, पंखा चालू, आरसा नाही, पाय अनवाणी. सतरंजी मुद्दाम गुंडाळून ठेवली होती, कारण वळताना ती सरकते. त्यांना फक्त या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत चालायला सांगितलं. रुडॉल्फ लाबान या नृत्य-अभ्यासकानं हालचालीकडे वजन, वेळ, अवकाश आणि ओघ अशा चार अंगांनी पाहायला शिकवलं, तेच इथं कामी येतं. दुकानदारांचे हात हलतच नव्हते, कोपरं बरगड्यांना चिकटलेली. खांदे कानांकडे ओढलेले, श्वास गळ्यापाशी. पाऊल टाकायचे ते टाच उचलूनच, जणू खाली झोपलेलं मूल जागं होईल. ओघ पूर्ण आवळलेला आणि वजन जमिनीला द्यायची तयारी नाही. म्हणून सुरुवात छातीपासून केली नाही, तळपायांपासून केली. दोन्ही पाय खांद्यांइतके फाकवून उजव्या पायावर वजन, मग डाव्या पायावर, सावकाश तीन मिनिटं. डोळे उघडेच. घाबरलेल्या माणसाला पहिल्याच दिवशी डोळे मिटायला लावलं की त्याचं सगळं लक्ष छातीत जाऊन बसतं.

दुसऱ्या भेटीत आमची चूक झाली. समोर चार फुटांवर उभं राहून त्यांची हालचाल जशीच्या तशी उचलली: तोच खांदा, तोच हात. दोन मिनिटांत ते थांबले. ‘तुम्ही माही नक्कल करून राहिले काय?’ त्यांचं बरोबर होतं. हुबेहूब आकार उचलला की समोरच्याला ते चिडवल्यासारखं वाटतं, त्यातून बाजारात बसणाऱ्या माणसाला तर नक्कीच. उचलायचा असतो तो वेग आणि जोर. त्यांचा हात झुलला की आमची मान त्याच वेगानं झुलेल, त्यांनी पाय दाबला की आम्ही टाळी तेवढीच दाबून देऊ. तिसऱ्या भेटीत असं केलं आणि पहिल्यांदा त्यांची कोपरं बरगड्यांपासून सुटली.

चौथ्या भेटीपासून धडधडीला मुद्दाम बोलावलं. डफावर मिनिटाला साधारण १०० ठोके, त्यावर जागच्या जागी पावलं, गुडघे जरा उचलून, एक मिनिट. त्याआधी कागदावर दोन गोष्टी लिहायच्या: काय होईल असं वाटतं, आणि दहापैकी किती भीती आहे. त्यांनी लिहिलं, ‘चक्कर येऊन पडीन. ८.’ मिनिट संपल्यावर बसायचं नाही, पाणी नाही, ऑक्सिमीटर नाही. दोन मिनिटं नुसतं उभं राहायचं आणि धडधड कशी उतरते ते पाहायचं. नाडी आम्ही मनगटावर पंधरा सेकंद मोजून चारनं गुणत होतो, पण आकडा लगेच सांगत नव्हतो. आकडा हातात पडला की ते आकड्याशीच झुंजायला लागतात. आधी ८४ होती, पावलांनंतर ११६ झाली, दोन मिनिटांनी ९२. मग तोच प्रयोग पुन्हा, आणि आणखी एकदा. भीती आठवरून पाचवर, मग चारवर. तिसऱ्या वेळी त्यांनी ‘चक्कर येऊन पडीन’ स्वतःच खोडलं आणि खाली लिहिलं, ‘पाय दुखले.’

इथं श्वासाबद्दल सांगायलाच हवं. कुणीतरी त्यांना ‘घाबरलं की खोल खोल श्वास घे’ असं शिकवलं होतं आणि ते धडधड सुरू झाली की मोठमोठे श्वास ओढायचे. त्यानं कार्बन डायऑक्साईड आणखी उतरतो आणि मुंग्या वाढतात. एरवी श्वास शांत करायचा असेल तर तो मोठा नको, हळू हवा, आणि सोडण्याचा वेळ घेण्यापेक्षा जास्त. पण धडधडीच्या या सरावात तेही करायचं नाही. नाहीतर पाण्याचं श्रेय श्वासाला जातं, इतकंच.

सहाव्या भेटीत पुन्हा फसलो. प्रगती पाहून धुमालचं रेकॉर्डिंग लावलं, वेग दीडपट. चाळीस सेकंदांत ते दाराबाहेर होते. घाई आमची होती. धुमालचा आवाज म्हणजे त्यांच्यासाठी थेट ती वरात. जलद पावलं ही एक भीती आणि तो आवाज ही दुसरी, दोन्ही एकदम अंगावर घातल्या. मग दोन्ही वेगळ्या केल्या. दोन भेटी धुमाल अगदी बारीक आवाजात, बसून, फक्त बोटांनी मांडीवर ठेका. पावलांचा सराव स्वतंत्र, डफावर. नवव्या भेटीत दोन्ही एकत्र आणले, आवाज निम्मा, वेग त्यांनी ठरवलेला. भीती सहापर्यंत गेली, ते खोलीतच राहिले.

नागपुरात ऋतूचाही हिशेब ठेवावा लागतो. उन्हानं आणि पाणी कमी पडल्यानं नाडी तशीही वाढते. म्हणून एप्रिल-मेमधल्या भेटी सकाळी सातला ठेवल्या. अर्धा तास आधी पाणी आणि हलकं खाणं. पारा ४४ च्या पुढं गेला तेव्हा एक भेट रद्दच केली. भीतीला सामोरं जायचं म्हणजे उन्हाशी पैज लावायची असं नाही.

घरी रोज बारा मिनिटं दिली होती: तीन मिनिटं वजन इकडून तिकडे, चार वेळा एक-एक मिनिट पावलं आणि प्रत्येकीनंतर मिनिटभर नुसतं उभं राहणं, शेवटी एक मिनिट हळू चालणं. शेवटचं मिनिट गाळायचं नाही. जोरात नाचून एकदम थांबलं की रक्त पायांत साचतं आणि डोकं हलकं होतं. वरातीत तेच झालं होतं. अडचण निराळीच आली. वहिनींच्या सासूबाई म्हणाल्या, ‘दुकान सोडून हा नाचून काऊन राहिला?’ त्यावर वहिनींनीच मार्ग काढला. रात्री गच्चीवर मुलीसोबत करायचं. मुलगी पुढारी, बाबा मागे. तिनं बेडूक केला की बाबांनी बेडकाच्या जोरानं उडी मारायची. ती कंटाळेपर्यंत बारा मिनिटं केव्हाच होऊन जायची.

वहिनींनी गोळ्यांचंही विचारलं. नाचानं बरं वाटतंय म्हणून गोळी स्वतःहून बंद करायची नाही, ते डॉक्टरांशी बोलून आणि हळूहळूच. प्रोप्रॅनोलॉल हे नाडी मंदावणारं औषध चालू असेल तर नाडी कमीच वाढते, म्हणून आकड्यांवर विसंबू नये. आणि हेही स्पष्ट सांगतो, पॅनिकवर पहिला उपचार औषध आणि सीबीटी, म्हणजे विचार आणि वागणं बदलायला शिकवणारी मानसोपचार पद्धत, हाच. इथं आम्ही केलं तेही सीबीटीचंच एक अंग, नाचाच्या अंगानं. डान्स थेरपीचा एकटीचा पुरावा अजून तोकडा आहे. झालेले अभ्यास एकत्र तपासणाऱ्या कॉक्रेन संस्थेच्या नैराश्यावरच्या २०१५ च्या आढाव्यात फक्त ३ अभ्यास आणि १४७ माणसं होती, त्यातून ठाम निष्कर्ष निघाला नाही. ‘नाचा आणि बरे व्हा’ म्हणणाऱ्यांपासून लांब राहावं.

कष्ट करताना छातीत दुखून ते हातात किंवा जबड्यात जात असेल, चालता-चालता शुद्ध हरपत असेल, हृदयाच्या झडपेचा आजार असेल किंवा घरात कोणी तरुणपणी अचानक गेलं असेल, तर आधी हृदयरोगतज्ज्ञ, पावलं नंतर. शिकवणाऱ्यालाही विचारा: प्रशिक्षण कुठलं, मानसोपचारतज्ज्ञांशी बोलणं होतं का, कोणी मध्येच घाबरलं तर काय करता. बागेतला झुम्बा छान असतो, पण तिथं तीस जणांत तुमच्या एकट्याची धडधड पाहायला कोणी मोकळं नसतं. कुठून सुरुवात करावी हेच कळत नसेल, तर टेली-मानस या मानसिक आरोग्याच्या हेल्पलाइनच्या १४४१६ या सरकारी क्रमांकावर मराठीत बोलता येतं.

बारा भेटी जूनअखेर संपल्या. तान्ह्या पोळ्याला ते मुलीला खांद्यावर घेऊन मिरवणुकीच्या कडेला चाळीस मिनिटं उभे होते. पिवळी मारबत समोर आली तेव्हा भीती सातवर गेली, पाय मात्र ठेका धरून होते, आणि मारबत चौक ओलांडेपर्यंत ती तीनवर आली. हे सगळं त्यांनी दुकानाच्या बिलाच्या पाठीमागे लिहून आणलं होतं. ऑक्सिमीटर कुठं आहे विचारलं, तर म्हणाले, ‘पोरीच्या खेळण्यात असंल.’ गोदामाच्या पायऱ्या आता दिवसातून दोनदा चढतात. लिफ्टची भीती अजून आहे, तिच्यासाठी पुढच्या महिन्यातल्या दोन भेटी ठरल्या आहेत.