बातमीदाराचा कॅमेरा आणि दातोंगचे महापौर

प्रश्न : चिनी वृत्तपत्रसृष्टीतून माहितीपटांकडे वळलेल्या झोउ हाओ यांच्याविषयी अलीकडे वाचनात आले. बातमीत जे मावत नाही, असे माहितीपटात त्यांना काय सांगता येते? आणि सत्तेतील माणसे त्यांचा कॅमेरा आपल्या दालनात येऊ तरी कशी देतात?

उत्तर : आपल्या दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण पहिल्याचे उत्तर बरेचसे त्यातच आहे. झोउ हाओ यांनी शिन्हुआ ही सरकारी वृत्तसंस्था आणि ग्वांगझूचे 'सदर्न वीकली' हे साप्ताहिक येथे छायाचित्रकार-पत्रकार म्हणून काम केले होते, त्यामुळे अधिकारी कशाला बिचकतात आणि कशाने सुखावतात, हे त्यांना चांगले ठाऊक असणार. माझ्या मते त्यांना दार उघडले जाते ते अधिकाऱ्यांच्या आत्मविश्वासामुळे. आपण करतो ते योग्यच आहे अशी खात्री असलेल्या माणसाला ते कुणीतरी पाहावे असेही वाटते. हेनान प्रांतातील गुशी जिल्ह्याचे कम्युनिस्ट पक्षसचिव ग्वो योंगचांग यांनी आपल्या कारकिर्दीचे अखेरचे 3 महिने त्यांना असेच चित्रित करू दिले, आणि पुढे तेच लाचखोरीच्या प्रकरणात पकडले गेले.

दातोंगचे प्रकरण याहून गुंतागुंतीचे आहे. शान्शी प्रांतातील हे कोळशाचे शहर सुमारे 1,600 वर्षांपूर्वी उत्तर वेई घराण्याची राजधानी होते. 2008 मध्ये महापौर झालेले गेंग यान्बो यांनी (तेथे हे पद शोभेचे नसते) जुनी तटबंदी पुन्हा उभारून शहराला गतवैभव मिळवून देण्याचे ठरवले, आणि त्यासाठी सुमारे 5 लाख रहिवाशांना हलवायचे होते. लोकांनी त्यांना 'गेंग पाडापाडी' अशा अर्थाचे टोपणनाव दिले. झोउ हाओ यांच्या 'द चायनीज मेयर' या माहितीपटात घर गेलेली माणसे त्यांना गाठून गाऱ्हाणी मांडतात, ते ऐकून घेतात, कुणाला तरी काम मार्गी लावायला सांगतात आणि बांधकामाच्या पाहणीला निघतात. बातमी लिहायची असती तर हा माणूस जुलमी की कर्तबगार, हे मथळ्यातच ठरवावे लागले असते. दीर्घकाळ मागे फिरणाऱ्या कॅमेऱ्यावर ती सक्ती नव्हती, म्हणून दोन्ही गोष्टी एकाच माणसात दिसत राहतात. 2015 मध्ये अमेरिकेतील सनडान्स चित्रपट महोत्सवाने या माहितीपटाला खास पारितोषिक दिले, तेही सत्तेच्या इतक्या जवळ पोहोचल्याबद्दल.

मात्र ही वाट सर्वांना मोकळी आहे असे समजू नये. 2014 च्या ऑगस्टमध्ये बीजिंगचा स्वतंत्र चित्रपट महोत्सव अधिकाऱ्यांनी होऊच दिला नाही, आणि 2017 पासून लागू झालेल्या चित्रपट कायद्यानुसार परवान्यावाचून चित्रपट परदेशी महोत्सवांतही पाठवता येत नाही. असा माहितीपट चित्रित करता येतो, पण तो दाखवायचा कोठे, हा प्रश्न उरतोच.

शेवटी दातोंगविषयी एवढेच. फेब्रुवारी 2013 मध्ये गेंग यांची ताइयुआन या प्रांताच्या राजधानीत अचानक बदली झाली, तेव्हा तट अर्धवट होता आणि शहरावर कर्जाचा डोंगर होता. आपल्या महापौरांना परत द्या म्हणून लोक रस्त्यावर आले, सह्या गोळा झाल्या, काही जण तर गुडघे टेकून बसले.