वरमाला डेकोरेटरच्या पॅकेजमध्ये घालू नका

आपण विचारले आहे की, एप्रिलअखेर नाशिकच्या गंगापूर रोडवरील लॉन्सवर सायंकाळच्या मुहूर्तावर बहिणीचे लग्न आहे, सुमारे 600 माणसे येणार आहेत, तर फुलांचे सगळे काम डेकोरेटरलाच द्यावे की वेगळा फुलवाला पाहावा. माझे उत्तर स्पष्ट आहे. मंचाची आणि प्रवेशद्वाराची सजावट आपल्याला पटेल त्याला द्या. परंतु वधूवरांचे हार, वेण्या आणि गजरे हे पॅकेजमध्ये मुळीच घालू नका. आमच्या घरात ही चूक झाली आहे, म्हणून सविस्तर लिहिते.

माझे माहेर पंचवटीत, काळाराम मंदिरापासून हाकेच्या अंतरावर. आमच्या गल्लीच्या तोंडाशी एक हारवाल्या मावशी टोपली घेऊन बसत असत. 1989 च्या वैशाखात माझे लग्न गोरज मुहूर्तावर झाले, तेव्हा हार त्यांनीच केले होते. आईने सकाळीच हार मागितले, तर त्यांनी ठाम नकार दिला. मोगऱ्याची कळी पहाटे खुडलेली असते, ती दुपारी ओवली म्हणजे संध्याकाळी माणसांसमोर उमलते, आणि सकाळी ओवून ठेवलेला हार हाताळला जाऊन मलूल होतो, असे त्यांनी आईला समजावून सांगितले. वेणी त्या केळीच्या सोपाने, म्हणजे खोडाच्या सालीच्या धाग्याने बांधत, कारण दोरा देठ कापतो आणि सोप मात्र ओलावा धरून ठेवतो, असे त्यांचे म्हणणे होते. माझ्या लग्नातला तो निशिगंधाचा आणि गुलाबाचा हार दुसऱ्या दिवशी सत्यनारायणाच्या पूजेपर्यंत वास देत होता, हे मी आजही कोणालाही शपथेवर सांगेन.

2017 च्या मे महिन्यात माझ्या मुलीचे लग्न ठरले, तेव्हा हार मावशींकडेच द्यायचे असे मी मनाशी धरले होते. आमच्या थोरल्या भाऊजींच्या ओळखीचा एक डेकोरेटर होता आणि मंडप, मंच, दिवे, फुले असे सगळे एकत्र देण्यात सोय आहे, असे त्यांनी ठरवून टाकले. त्या गृहस्थांनी मोबाईलवर छायाचित्रे दाखवली. मंच फिकट आकाशी, आणि त्याच्याशी जुळणारे आकाशी हार. मी विचारले की हे फूल कोणते, तेव्हा ‘ताई, सगळे इम्पोर्टेड असते’ एवढेच उत्तर मिळाले. मी तिथेच उठून नाही म्हणायला हवे होते. परंतु भाऊजी म्हणाले, ‘वहिनी, हार दोन मिनिटांचा असतो, माणसे जेवण लक्षात ठेवतात,’ आणि घरातल्या वडीलधाऱ्या माणसाशी पाहुण्यासमोर वाद नको म्हणून मी गप्प राहिले.

लग्नाच्या दिवशी दुपारी तीन वाजता आम्ही लॉन्सवर पोहोचलो, तेव्हा मंचावरची फुले आदल्या रात्रीच खोचून झालेली होती. त्या तिथीला त्या माणसाने आणखी दोन लग्ने घेतली होती आणि त्याची माणसे तिन्ही ठिकाणी फिरत होती, हे आम्हाला नंतर कळले. मे महिन्यातल्या उन्हात पांढऱ्या गुलाबांच्या कडा तपकिरी पडल्या होत्या, जरबेऱ्याने माना टाकल्या होत्या आणि डोळ्यांच्या उंचीच्या वर सगळीकडे कापडी फुले होती. हार थर्माकोलच्या बंद खोक्यातून मुहूर्ताच्या दहा मिनिटे आधी आले. आकाशी रंगाचे ते इम्पोर्टेड फूल म्हणजे आपला निशिगंधच होता, रंगाच्या पाण्यात बुडवून वाळवलेला, आणि तो ताजा दिसावा म्हणून त्यावर नुकतेच पाणी मारलेले होते.

माझा भाऊ, म्हणजे नवरीचा मामा, तिला हाताला धरून पाटावर घेऊन आला. तिच्या अंगावर त्यानेच आणलेली पिवळी अष्टपुत्री होती. अंतरपाट दूर झाला, जावईबापूंनी हार घातला, आणि सप्तपदीच्या तयारीसाठी हार उतरवला तेव्हा तिच्या उजव्या खांद्यापासून पदरापर्यंत निळसर हिरवा ओघळ उमटला होता. जावईबापूंच्या मोतिया अंगरख्यावरही तसाच डाग होता. भावाने तो डाग पाहिला आणि एक शब्दही न बोलता स्वतःच्या उपरण्याने टिपायला गेला, तर तो आणखी पसरला. शेवटी शेला खांद्यावरून पुढे घेऊन टाचण्या लावल्या आणि सप्तपदी पार पडली. सप्तपदीच्या प्रत्येक छायाचित्रात माझ्या मुलीचा डावा हात तो शेला सावरतो आहे. त्याच संध्याकाळी मावशींनी, आम्ही काम दिलेले नसतानाही, मोगऱ्याच्या गजऱ्यांची एक परडी ओल्या फडक्यात गुंडाळून पाठवली होती आणि मध्यरात्री पाठवणीच्या वेळीही ते गजरे टवटवीत होते. हार दोन मिनिटांचा असतो, हे वाक्य भाऊजी अजूनही उच्चारतात. जेवणात काय होते हे आज आमच्यापैकी कोणालाही सांगता येत नाही, डाग मात्र सर्वांना आठवतो.

आता आपल्या प्रश्नाकडे येते. फुलवाल्याने काय काय दाखवले यापेक्षा त्याने कशाला नाही म्हटले, यावरून त्याची परीक्षा करा. एप्रिलअखेरीस आपण चांगली शेवंती मागितली आणि त्याने ‘ती थंडीतली, आत्ता नको, मोगरा घ्या’ असे सांगितले, तर तो माणूस फुले ओळखतो. जो महिना न विचारता प्रत्येक छायाचित्राला होकार देतो, त्याच्याकडे पुन्हा जाऊ नका. फुले कोठून येतात हे विचारा. ज्या नाशिकला मोगलाईत गुलशनाबाद म्हणत असत, तिथे गुलाबासाठी दूर पाहावे लागत नाही; दिंडोरी तालुक्यात जानोरी आणि मोहाडीच्या बाजूला पॉलीहाऊसमधला गुलाब मोठ्या प्रमाणावर होतो, आणि मोगऱ्याची शेती जव्हार-मोखाड्याकडे आहे. एखाद्या पहाटे गणेशवाडीच्या फुलबाजारात त्याच्याबरोबर जा. तो माल हातात घेऊन निवडतो की फोनवर मागवतो, हे तिथे लगेच कळते.

त्याच तिथीला त्याने आणखी किती कामे घेतली आहेत आणि हार प्रत्यक्ष कोण ओवणार आहे, हे आगाऊ रक्कम देण्यापूर्वी विचारा. चिठ्ठीवर ‘ताजी फुले’ असे मोघम लिहून घेऊ नका. पॉलीहाऊसचा गुलाब 20 फुलांच्या गड्डीवर येतो, जरबेरा 10 फुलांच्या, झेंडू आणि निशिगंध किलोवर, तेव्हा कोणते फूल, किती आणि किती वाजता लागणार, असे स्पष्ट लिहा. उन्हाळ्यात मंचावर खरी फुले दुपारी तीननंतरच लागली पाहिजेत.

गुलाबाची कळी देठाच्या वर हलकेच दाबून पाहा. घट्ट लागली तर ताजी, मऊ लागली तर शिळी. बाहेरच्या पाकळ्या सोलून जुना गुलाब नवा करण्याची रीत सर्रास आहे, म्हणून कळी देठाच्या मानाने फार लहान दिसली की संशय घ्या. हारासाठी निशिगंध एकेरी पाकळीचा मागा, कारण वास त्यालाच अधिक असतो. आणि कोणतेही रंगीत फूल ओल्या पांढऱ्या रुमालावर चोळून पाहिल्याशिवाय हार मंजूर करू नका.

सगळेच डेकोरेटर वाईट असतात असे माझे म्हणणे नाही. 600 माणसांच्या मंडपाचे तोरण एकट्या मावशींना उरकले नसते, हेही मान्य करते. थंडीतल्या लग्नात फुले आदल्या रात्री लावली तरी निभावून जाते. मावशी आता बसत नाहीत, त्यांचा मुलगा काम पाहतो, आणि गिऱ्हाईक हटून बसले तर तोही रंगवलेला निशिगंध देतो, असे मी स्वतः पाहिले आहे. म्हणून नुसत्या जुन्या ओळखीवरही जाऊ नका. परंतु हारांचा निर्णय नवरीने आणि तिच्या आईने घ्यावा, ज्यांची कोणाशी ओळख आहे त्यांनी घेऊ नये, या मतापासून मी ढळणार नाही. येत्या मार्गशीर्षात भाऊजींच्या धाकट्या मुलाचे लग्न आहे आणि दोन्ही हार मी आणणार, हे मी त्यांना सर्वांसमोर सांगून ठेवले आहे. ते हो किंवा नाही काहीच बोलले नाहीत.

आपल्या बहिणीचे हार आले की बंद खोक्यात ठेवू नका आणि वरून पाणी शिंपडू नका. वेताच्या परडीत केळीचे पान अंथरून, त्यावर हार सैल गुंडाळून, घट्ट पिळलेले ओले फडके झाका, आणि परडी मुहूर्तापर्यंत फळांच्या करंड्यांपासून दूर, सावलीत ठेवा.